मामाची जागा

लग्नपत्रिकेत मामाची जागा रिकामी सोडता येत नाही. आजोबा हयात नसले तर नावामागे 'कै.' लावून छापतात, काका परदेशी असला तरी त्याचं नाव येतंच, पण मामा नाही असं छापायची सोय अजून कुठल्या छापखान्यानं केलेली नाही. आमच्याकडे मामा हे नुसतं नातं नाही, लग्नातलं काम आहे. नवरीला हाताला धरून मांडवात आणायचं आणि मंगलाष्टका संपेपर्यंत तिच्या पाठीशी उभं राहायचं. माझ्या लेकीला मामा नाही, असं आमच्या भावकीचं म्हणणं होतं. आहे, असं माझं म्हणणं होतं. सोयरीक जुळल्यापासून अक्षता पडेपर्यंत मी या एकाच गोष्टीवरून सगळ्यांशी वाद घातला, आणि त्याचं मला आजही वाईट वाटत नाही.

आम्ही तिघी बहिणी, भाऊ नाही. माहेर तासगावच्या बाजूचं. आई-वडील गेले तसं ते घर बंदच झालं. चुलत भाऊ आहे, द्राक्षबाग आणि बेदाण्याच्या शेडमध्ये बुडालेला, स्वभावानं गरीब. दिवाळीला तो बेदाण्याचा डबा पाठवतो आणि मी त्याला फोन करते, एवढं आमचं येणं-जाणं. त्यात त्याचा दोष नाही आणि माझाही नाही.

सासर विट्याच्या पुढं. तिथली माणसं गलाई करतात, म्हणजे सोनं-चांदी गाळून शुद्ध करायचं काम, आणि ते करायला देशभर पांगतात. आमच्या गल्लीत घरांना आडनावानं कुणी ओळखत नाही. हे गुवाहाटीवाले, ते अमृतसरवाले, पलीकडचे कालिकतवाले. जत्रेला सगळे परत आले की गल्लीतली पोरं एकमेकांशी मराठीत खेळतात आणि भांडण लागलं की जो तो आपल्या मुलखाच्या भाषेत शिव्या देतो. आम्ही ईरोडवाले. माझे थोरले दीर गावात राहून ऊस बघतात. ते मुद्दाम 'ईरोड'चं 'येरवडा' करायचे. पाहुण्यांना सांगायचे, धाकटा भाऊ येरवड्याला असतो, बायकापोरं पण तिथंच. पाहुणे तुरुंग आठवून चहाकडे बघायचे, आणि दिरांना आतून गुदगुल्या व्हायच्या. हा विनोद त्यांनी वर्षानुवर्षं चालवला. मी सून, तीही धाकटी. पहिल्यांदा हसले, मग हसायचं सोडून दिलं.

लग्न करून ईरोडला गेले तेव्हा मला तमिळमधलं अवाक्षर येत नव्हतं. आमच्या खोलीच्या खालच्या मजल्यावर घरमालक राहायचे, हळदीचे अडते. पहिल्याच दिवशी नवऱ्यानं त्यांना सांगितलं, आम्ही सांगलीकडचे. तो माणूस ताडकन खुर्चीतून उठला. 'सांगली? मंजळ!' मंजळ म्हणजे हळद. ईरोडच्या मंडीत रोज सकाळी सांगलीचा भाव विचारल्याशिवाय लिलाव सुरू होत नाही, हे मला नंतर कळलं. त्यांनी मला मोडक्या हिंदीत विचारलं, यंदा राजापुरी हळद कशी आहे? मी द्राक्षाच्या गावची, मला हळदीतलं काय कळणार? पण परक्या मुलखात कुणीतरी आपल्या जिल्ह्याचं नाव एवढ्या आनंदानं घेतलं, त्या आनंदावर मी पहिले सहा महिने काढले.

त्यांना मी अण्णा म्हणू लागले. तिकडे थोरल्या भावाला अण्णाच म्हणतात, आपल्याकडेही म्हणतात. त्यांची बायको अण्णी. ती दोघं मला तंगच्ची म्हणायची, म्हणजे धाकटी बहीण. तोवर ते नुसतं बोलावण्यापुरतं होतं. खरं नातं जुळलं ते लेकीचे कान टोचायच्या दिवशी.

पोर वर्षाची झाली होती. आपल्यासारखं सोनाराला बोलवावं, कान टोचावेत, गूळ वाटावा, एवढाच माझा बेत. सोनार आला, चटईवर बसला, तार परजली आणि विचारू लागला, 'ताय्मामन एंगे?' आईचा भाऊ कुठाय? मी म्हटलं, भाऊ नाही मला. तो तार खाली ठेवून बसला. मग कुणाच्या मडीवर बसवायचं, म्हणाला. मडी म्हणजे मांडी, हा शब्द मला कुणी समजावून सांगावा लागला नाही. त्यांच्यात बाळाचे कान मामाच्या मांडीवरच टोचतात. मामा नसेल तर सोनाराचा हात चालत नाही. मला इतका संताप आला. भाऊ नाही हे ऐकून घ्यायला मी हजार किलोमीटर लांब आले होते काय?

अण्णी खाली धावली. थोड्या वेळानं अण्णा वर आले, अंगाला हळदीची धूळ तशीच. मंडी सोडून आले होते. चटईवर मांडी घालून बसले आणि हात पुढं केले. पोर त्यांच्या मांडीवर बसली, टोचल्यावर किंचाळली, त्यांच्या सदऱ्याला नाक पुसलं, कानाच्या रक्ताचा थेंबही तिथंच लागला. झालं. त्या दिवसापासून ते तिचे मामा.

आपल्याला वाटतं, असं कुणी एका दिवसापुरतं बसतं. त्यांच्यात तसं नसतं. मांडी दिली की ती जन्माची. दर पोंगलला मामाच्या घरून पोरीला ताटं भरून यायची, त्याला ते सीर म्हणतात. फळं, कापड, बांगड्या, आणि हळदीचं पानांसकट अख्खं रोप. मी पहिल्यांदा राखी बांधली तेव्हा त्यांना वाटलं देवळातला दोरा आहे; तो आपोआप तुटून पडेपर्यंत त्यांनी हातातून काढला नाही. पोर शाळेत पडली, तिला टायफॉईड झाला, दहावीत गणितात अडली, प्रत्येक वेळी मामा जिना चढून वर आले. माझ्या नवऱ्याला कामातून सवड नसायची. ह्या माणसालाही नसायची, पण ते यायचे.

लेकीची सोयरीक झाली ती जत तालुक्यातल्या, पार कर्नाटकाला टेकलेल्या गावात. मुलगा फौजेत, पंजाबात नेमणूक. मुलाचे वडील निवृत्त सुभेदार, बोलणं निम्मं हिंदीत. माणसं चांगली, सरळ. पत्रिका छापायला द्यायच्या वेळी मी मामा म्हणून अण्णांचं नाव सांगितलं आणि घरात पेच पडला.

थोरल्या दिरांचं म्हणणं साधं होतं. भाऊ नसला की चुलत भाऊ उभा राहतो, ही जगरहाटी आहे. जात वेगळी, भाषा वेगळी, पाहुणे विचारणार, नवरीचा मामा लुंगीत कसा? मी सांगितलं, लुंगी नाही, वेष्टी, त्यांच्याकडचं पांढरं धोतर. त्यांनी ते ऐकलं नाही. मी तासगावला चुलत भावाला फोन केला. तो बिचारा म्हणाला, आक्का, मला कशाला मधी घालता, मी मागं उभा राहतो की. म्हणजे ज्याचा मान जात होता त्याची तक्रार नव्हती. तक्रार होती ती ज्यांचा काही संबंध नाही त्यांची. घरोघरी मातीच्या चुली. मी एक नाव छापायला सांगितलं होतं, तेच छापलं. पत्रिका हातात आल्यावर दीर एवढंच बोलले, 'मांडवात काय झालं तर मला बोलू नगा.'

अण्णा-अण्णी बेंगळुरूला गाडी बदलून मिरजेला उतरले. अण्णांच्या डोक्यावर एक पोतं होतं. आत हळद. सांगली जिल्ह्यातल्या लग्नाला ईरोडची हळद! स्टेशनवर घ्यायला गेलेली पोरं पोट धरून हसली. अण्णांना कारण समजावून सांगितल्यावर तेही हसले, पण पोतं खाली ठेवलं नाही. नवरीला मामाच्या घरची हळद लागते, म्हणाले. आमच्याकडे नवऱ्याची उष्टी हळद येते ती नवरीला लावतात. मी दोन्ही एकत्र केल्या. बघणाऱ्या बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. मी म्हटलं, पिवळ्यात पिवळं मिसळलं, कुणाला दिसतंय?

लग्नाच्या दिवशी वऱ्हाड वेळेवर आलं. अक्षतांच्या आधी आमच्याकडे व्याही भेट असते. दोन्हीकडचे बाप, काका, मामा समोरासमोर येतात, हार घालतात, गळाभेट घेतात. माइकवाला एकेकाला पुकारत होता. 'मुलीचे मामा आणि मुलाचे मामा, पुढं यावं.' अण्णा पुढं गेले. जरीकाठाची पांढरी वेष्टी, वर आमचा भगवा फेटा. मला ते फार छान दिसले. आमच्या भागात ज्याच्या डोक्याला फेटा त्याच्या हातात माइक द्यायची सवय आहे. माइकवाल्यानं कौतुकानं अण्णांपुढं माइक धरला, म्हणाला, मामा, दोन शब्द बोला.

अण्णांना हिंदी येते ती मंडीतली, सांगलीच्या व्यापाऱ्यांशी फोनवर बोलून आलेली. त्यांनी घसा साफ केला, माइक हातात घेतला आणि सगळ्या मांडवाला ऐकू जाईल अशा खणखणीत आवाजात म्हणाले, 'लडकी पर पहला हक मेरा. मामा का हक. आज मैं छोडता है. तुम ले जाओ.'

मुलाचे मामा हार हातात घेऊन तसेच उभे. मागच्या रांगेत कुणीतरी खुदकन हसलं आणि लगेच दाबलं. सुभेदारांचा चेहरा लाल झाला. पहिला हक म्हणजे काय? ह्या मुलीचं आधी कुठं ठरलं होतं काय? आणि तेही ह्या वयाच्या माणसाशी? असे प्रश्न दोन्ही बाजूंच्या खुर्च्यांतून उठू लागले. अण्णा हसतमुखानं उभे होते. आपण फार मोठी गोष्ट बोललो, याचा त्यांना आनंद झाला होता.

मला अर्थ माहीत होता. त्यांच्याकडे भाचीवर लग्नाचा पहिला हक्क मामाचा. मामानं स्वतः किंवा त्याच्या मुलानं तिला मागितली तर नाही म्हणता येत नाही, अशी जुनी रीत. आता ते कुणी करत नाही, पण लग्नात मामानं चारचौघांत 'मी हक्क सोडला' म्हणायचं असतं. तेव्हा कुठं मुलगी मोकळी होते. तो आशीर्वाद आहे. आपल्याकडे मामाची मुलगी चालते, पण मामा-भाची हे नुसतं उच्चारलं तरी कानावर हात ठेवतात. आत खोलीत पिवळ्या साडीत बसलेली माझी लेक तेवढी हसत होती, असं मला नंतर कळलं.

थोरले दीर माझ्याजवळ आले. रागावलेले नव्हते, घाबरले होते. म्हणाले, तासगावकराला उभा कर, अजून येळ गेली न्हाई. मी त्यांच्याकडे बघितलं. आयुष्यात पहिल्यांदा डोक्यावरचा पदर सारखा न करता त्यांना उत्तर दिलं.

'आवं भाऊजी, जिच्या कानाचं रक्त ज्याच्या सदऱ्याला लागलं, ती त्याच्याच हाताला धरून मांडवात यील. न्हाईतर आतच बसंल.'

मग मी सुभेदारांकडे गेले. बायकांनी असं पुढं जायचं नसतं, तरी गेले. नवरा मागून आला. मी सगळी रीत समजावून सांगितली. सुभेदारांनी ऐकून घेतलं. म्हणाले, ताई, मला पटतंय, पण एवढ्या माणसांनी जे ऐकलं ते ऐकलं. आता त्याच माणसानं नवरीला हाताला धरून आणायचं म्हणजे माझ्या भावकीला मी काय सांगू? त्यांचंही खोटं नव्हतं. मी मात्र रडायच्या बेताला आले.

सुभेदारांच्या आई पुढच्या रांगेत कूलरसमोर बसल्या होत्या. माहेर विजापूरकडचं, कानानं जरा मंद. मघापासून शेजारणीला विचारत होत्या, 'एनंतान?' काय म्हणतोय तो? शेजारणीनं कानात ओरडून सांगितलं. म्हातारी काठी टेकत उठली आणि सरळ अण्णांपुढं जाऊन उभी राहिली. कानडीत काहीतरी विचारलं. ईरोडच्या वरचा सत्यमंगलमचा डोंगर ओलांडला की कानडी मुलूख लागतो. तिकडचे शेतकरी अण्णांच्याच आडतीवर हळद आणतात. अण्णांनी कानडीत उत्तर दिलं. म्हातारीनं कपाळावर हात मारला आणि हसायलाच लागली. मग ती लेकाकडे वळली. अण्णांच्या हातातला माइक चालूच होता, हे कुणाच्या लक्षात नव्हतं.

'आरं, माझ्या मामानं हक्क सोडला न्हवता,' म्हातारी म्हणाली, 'म्हणून मी ह्या घरात आली. त्योच तुझा बा. म्हणून तू झालास. ह्या मामानं सोडला, म्हणून तुझ्या पोराला नवरी मिळती. आता तू कुणावर रागावतोस, सांग मला.'

सगळा मांडव हसला. कान सोनारानंच टोचावेत म्हणतात ते खोटं नाही. हेच मी घसा फोडून सांगितलं असतं तरी काही झालं नसतं. सुभेदार आधी खाली बघत राहिले, मग त्यांच्याही मिशीखाली हसू आलं. त्यांनी मुलाच्या मामांच्या हातातला हार घेतला, स्वतः अण्णांच्या गळ्यात घातला आणि घट्ट मिठी मारली. अण्णांना शेवटपर्यंत कळलं नाही की मधे एवढा वेळ का गेला. ते समजले, इकडची व्याही भेट लांबच असते.

पुढचं सगळं रीतीनं झालं. भटजींनी पुकारलं, 'मुलीच्या मामांनी मुलीला मांडवात घेऊन यावं.' अण्णा लेकीला हाताला धरून घेऊन आले. अंतरपाटामागं ते उभे राहिले तेव्हा शेजारी माझा तासगावचा चुलत भाऊ उभा होता. 'सावधान' झालं की तो त्यांना कोपरानं ढोसायचा, म्हणजे ते अक्षता टाकायचे. मी लांबून बघत होते. माझे डोळे कोरडे होते. दिवसभर मी कंबर कसून उभी होते आणि तशीच राहायचं ठरवलं होतं.

जेवणं उरकत आली तेव्हा आहेर सुरू झाला. शेवटी नवरीच्या आईला माहेरचा आहेर असतो. भाऊ बहिणीला साडी नेसवतो, आणि ते माइकवरून गावाच्या नावासकट पुकारतात, अमक्या गावाहून माहेरचा आहेर. सासरच्या अंगणात बाईच्या माहेरचं नाव मोठ्यानं घेतलं जातं ते तेवढ्यापुरतंच. घराच्या वास्तुशांतीला, लेकीच्या बारशाला, मी तो पुकारा बहिणींच्या नावावर भागवला होता. आता अण्णा ताट घेऊन पुढं आले. ताटात हिरवी रेशमी साडी, नारळ आणि पानांसकट हळदीचं रोप. अण्णींनी साडी माझ्या खांद्यावर टाकली.

माइकवाला गावातलाच. त्याला ठाऊक होतं तेच त्यानं पुकारलं. 'मुलीच्या आईला माहेरचा आहेर, येरवड्याहून...'

हसण्याची एक लाट येऊन गेली. मी मान खाली घातली. इतक्या वर्षांचा विनोद, तो आज थांबेल असं मला वाटलं नव्हतं. तेवढ्यात मागून थोरल्या दिरांचा आवाज आला. ते मांडवाच्या खांबापासून माइकपर्यंत चालत आले होते.

'येरवडा न्हवं रं,' ते म्हणाले. 'ईरोड. नीट सांग. आमच्या धाकटीचं म्हायेर हाय त्ये.'